चोरीस, चीज आणि मेनोनाइटांचे देशांतर



उत्तर मेक्सिकोतील एखाद्या खाणावळीत चार माणसे जेवायला बसली म्हणजे मुख्य जेवण येण्यापूर्वी मेजाच्या मध्यभागी मातीचे एक पसरट पात्र आणून ठेवतात. ते इतके तापलेले असते की त्याखाली लाकडी फळी ठेवावी लागते. पात्रात वितळलेले चीज कडेकडेने बुडबुडत असते आणि त्यावर तांबडेलाल, मसालेदार सॉसेज कुस्करून, परतून पसरलेले असते. गव्हाच्या पातळ पोळीचा तुकडा तोडायचा, त्याने ते चीज तार तुटेपर्यंत ओढून घ्यायचे आणि लगोलग तोंडात टाकायचे. कारण थोडा वेळ गप्पांत गेला की ते थिजून चिवट होते. या पदार्थाला तिकडे 'केसो फुंदीदो' म्हणतात. केसो म्हणजे चीज आणि फुंदीदो म्हणजे वितळवलेले. वरच्या सॉसेजचे नाव 'चोरिसो'. गोव्यातील श्रोत्यांना या दुसऱ्या शब्दाचा अर्थ सांगण्याची आवश्यकता नाही. त्यांच्या बाजारात माळांनी टांगलेला चोरीस तो हाच, फक्त निराळ्या समुद्रावरून आलेला.

इतिहासाच्या भाषणात खाणावळीचे वर्णन कशाला, असे कोणी म्हणेल. परंतु राजेरजवाड्यांच्या तहनाम्यांत जे सापडत नाही ते कधी कधी स्वयंपाकघरात सापडते. या पात्रातील जिन्नस एकेक करून बाहेर काढून ठेवले तर असे दिसते की मिरचीखेरीज यातले काहीच इ. स. १५०० साली मेक्सिकोत नव्हते. गाय नव्हती, डुक्कर नव्हते, गहूही नव्हता. आणि आज चिवावा राज्यात या पात्रासाठी जे चीज सर्वांत पसंत केले जाते, ते करणारी माणसे तर अवघ्या शंभर वर्षांपूर्वी तेथे आली. तीही चीज विकण्यासाठी नव्हे, आपल्या मुलांनी कोणत्या भाषेत शिकावे या प्रश्नावरून घरदार विकून आली. त्यांची हकीकत मला आज मुख्यत्वे सांगावयाची आहे. पण आधी सॉसेजचा मार्ग पाहू.

कोलंबसाने १४९३ साली आपल्या दुसऱ्या सफरीत वेस्ट इंडीज बेटांवर गुरे व डुकरे नेली. १५१९ साली कोर्तेस मेक्सिकोच्या किनाऱ्यावर उतरला आणि १५२१ साली अझ्टेकांची राजधानी पडली. त्यानंतर थोड्याच काळात स्पॅनिश लोकांची डुकरे व गुरे त्या देशाच्या पठारावर पसरली. मेक्सिको शहराच्या पश्चिमेचे तोलूका हे गाव पुढे चोरिसोकरिता प्रसिद्ध झाले. स्पेनमधील मूळ चोरिसो वाळवलेला, पुष्कळदा धुरी दिलेला, महिनोन्‌महिने टिकणारा असतो. मेक्सिकोतला चोरिसो ओला असतो. त्यात स्थानिक सुक्या मिरच्या वाटून घालतात, व्हिनेगर घालतात आणि शिजवल्याखेरीज तो खात नाहीत. गंमत अशी की स्पेनच्या चोरिसोचा लाल रंगदेखील अमेरिकेतून आलेल्या मिरचीचाच आहे. मिरची युरोपात पोहोचण्यापूर्वी हे सॉसेज लाल असण्याचे कारणच नव्हते.

इकडे १५१० साली आल्बुकर्कने गोवा घेतला आणि त्याच शतकात पोर्तुगीजांच्या जहाजांतून मिरची आपल्या किनाऱ्यावर उतरली. मुंबईकडे तिला एके काळी 'गोवाई मिरची' म्हणत, यावरून ती कोणत्या वाटेने आली ते उघड होते. पोर्तुगीजांना मांस द्राक्षाच्या मद्यात व लसणीत मुरवून ठेवण्याची सवय. गोव्यात द्राक्षे कोठली? माडाच्या सुरेचे व्हिनेगर त्या जागी आले, मिरची आली, मसाला आला, आणि दमट हवेत मांस टिकावे म्हणून मीठ सढळ हाताने पडू लागले. तात्पर्य, आयबेरियातील एकच सॉसेज पूर्वेला व पश्चिमेला गेले, दोन्हीकडे त्याने मिरची व आंबट यांच्याशी सोयरीक केली आणि चार शतकांनंतर तोलूकाचा चोरिसो व मडगावचा चोरीस एकमेकांना ओळखू शकतील इतके सारखे राहिले. मेक्सिकोतील उच्चारात शेवटचा 'ओ' तेवढा अधिक.

चीजची गोष्ट इतकी सरळ नाही, कारण प्रत्येक चीज वितळत नाही. याचा अनुभव आपणा सर्वांना आहे. पनीर रश्श्यात कितीही उकळले तरी त्याच्या वड्या वड्याच राहतात. दुधात केसीन नावाचे प्रथिन असते. चीज या अर्थाच्या लॅटिन 'कासेउस' शब्दापासूनच हे नाव आणि स्पॅनिशांचा 'केसो' ही दोन्ही निघाली. वासराच्या जठरातील द्रव्याने, म्हणजे रेनेटने, दूध गोठविले तर केसीनचे कण कॅल्शियमच्या सांध्यांनी जोडले जाऊन जाळे तयार होते आणि त्या जाळ्यात स्निग्धांश व पाणी अडकून राहते. उष्णता लागली की आधी स्निग्धांश पातळ होतो, मग जाळ्याचे सांधे सैल पडतात आणि सगळे मिळून वाहू लागते. पनीर करताना आपण तापलेल्या दुधात लिंबू पिळतो. त्या आम्लाने कॅल्शियम निघून जाते, सैल पडण्याजोगे सांधेच उरत नाहीत आणि कण एकमेकांना घट्ट चिकटून बसतात. स्पॅनिश वसाहतीत घरोघर होणारे ताजे, भुसभुशीत चीज असेच फारसे न वाहणारे होते. उत्तरेकडे 'आसादेरो' नावाचे वितळणारे चीज होत असे व अजूनही होते. तेव्हा केसो फुंदीदो हा पदार्थ परक्यांनी आणला असे म्हणता यायचे नाही. परक्यांनी आणले ते दुसरे चीज.

हे परके म्हणजे मेनोनाइट. हैदराबादेकडील श्रोत्यांना हे नाव नवे नसावे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून मेनोनाइट पंथाचे मिशनरी निजामाच्या राज्यात नलगोंडा, महबूबनगर या भागांत आणि मध्य प्रांतात धमतरीस आले होते. जडचर्ल्याचे त्यांचे रुग्णालय पुष्कळांच्या परिचयाचे आहे. ती शाखा धर्मप्रसार करणारी. मेक्सिकोस गेलेली शाखा याच्या अगदी उलट स्वभावाची होती. तिला कोणाला आपल्यात घ्यावयाचे नव्हते. आपल्यातला कोणी बाहेर जाऊ नये एवढीच तिची चिंता होती.

मेनो सिमन्स हा फ्रीझलंडमधील कॅथलिक धर्मगुरू. त्याने १५३६ साली आपला चर्च सोडला. बाप्तिस्मा अर्भकाला देऊ नये, समजत्या वयाच्या माणसाने तो स्वतः मागून घ्यावा. शस्त्र धरू नये. शपथ घेऊ नये, अशी त्याच्या अनुयायांची मते होती. कोणत्याही राजाला न मानवणारी ती मते! छळ सुरू झाला तेव्हा त्यांच्यापैकी पुष्कळ लोक हॉलंडकडून पूर्वेस व्हिश्चुला नदीच्या मुखाशी, दान्झिगच्या परिसरात गेले. ती भूमी दलदलीची होती आणि दलदल उपसणे हा डच माणसाचा हातचा खेळ. तेथे पिढ्यान्‌पिढ्या राहिल्यावर त्यांची डच भाषा मागे पडली. घरात सखल प्रदेशातील जर्मन बोली आणि प्रार्थनेत पुस्तकी जर्मन अशी दुहेरी व्यवस्था रूढ झाली. पुढे प्रशियाच्या राजांनी, जे सैन्यात येत नाहीत त्यांना नवी जमीन मिळू देणार नाही असे धोरण धरले. त्याच सुमारास रशियाची सम्राज्ञी दुसरी कॅथरिन आपल्या दक्षिणेकडील ओसाड गवताळ प्रदेशासाठी शेतकरी शोधीत होती. १७८९ साली द्नीपर नदीकाठी खोर्तित्सा येथे मेनोनाइटांची पहिली वसाहत झाली.

शंभर वर्षे पुरी होण्याआधीच रशियानेही सक्तीची लष्करभरती व शाळांतून रशियन भाषा यांचा आग्रह धरला. पुन्हा गाडे बांधले गेले. १८७४ पासूनच्या काही वर्षांत सुमारे सात हजार मेनोनाइट कॅनडातील मॅनिटोबा प्रांतात उतरले. त्यांना नेण्यापूर्वी १८७३ साली कॅनडाच्या मध्यवर्ती सरकारने लेखी आश्वासन दिले होते की, सैन्याची सक्ती होणार नाही आणि शाळा तुमच्या तुम्ही चालवाव्यात.

येथे मी थोडा थांबतो, कारण ही गोष्ट आपल्याला परकी वाटण्याजोगी नाही. १९१६ साली, महायुद्ध ऐन भरात असताना, मॅनिटोबा प्रांताने शाळांतील दुसऱ्या भाषा बंद केल्या. शिक्षण इंग्रजीतच आणि हजेरी सक्तीची, असा कायदा केला. जर्मन बोलणाऱ्यांविषयी त्या वेळी लोकांच्या मनात काय असेल ते सांगावयास नको. मेनोनाइटांनी १८७३ चा कागद पुढे केला. त्यावर उत्तर मिळाले ते असे की, शिक्षण हा प्रांताचा विषय आहे. मध्यवर्ती सरकारने दिलेल्या शब्दाने प्रांत बांधला जात नाही. मुले सरकारी शाळेत न पाठविणाऱ्या बापांना दंड झाले, काहींना तुरुंगही झाला. परभाषिक राज्यात आपल्या भाषेची शाळा चालविणाऱ्यांना हा युक्तिवाद किती ओळखीचा वाटेल याची मला कल्पना आहे. सगळेच मेनोनाइट काही हटून बसले नाहीत. पुष्कळांनी कायदा मान्य केला आणि त्यांचे वंशज आज कॅनडात सुखाने नांदत आहेत. परंतु जे अत्यंत कर्मठ, ज्यांना 'जुनी वसाहत' म्हणत, त्यांनी नवा देश शोधण्यासाठी माणसे पाठविली.

मेक्सिकोत तेव्हा दहा वर्षांच्या क्रांतीची धूळ नुकती बसत होती. अध्यक्ष आल्वारो ओब्रेगोन यांना उत्तरेच्या उजाड पठारावर धान्य पिकविणारी माणसे हवी होती. १९२१ साली त्यांनी या मंडळींना पत्र दिले: सैन्यात यावे लागणार नाही, शपथ घ्यावी लागणार नाही, शाळा तुमच्या आणि भाषाही तुमची. मार्च १९२२ मध्ये पहिल्या खास आगगाड्या चिवावा राज्यातील एका लहानशा स्थानकावर येऊन थांबल्या. त्या गावाचे नाव पुढे क्वाउतेमोक झाले. डब्यांतून माणसे उतरली, त्यांच्यामागे घोडे, गाई, नांगर, गाड्या, कोंबड्या आणि पाळणे उतरले. पुढील चार-पाच वर्षांत येणाऱ्यांची संख्या सहा हजारांच्या घरात गेली. सुलोआगा या बड्या जमीनदार घराण्याकडून त्यांनी दोन लाख एकरांहून अधिक जमीन विकत घेतली होती.

या खरेदीची दुसरी बाजू सांगितली नाही तर इतिहास एकांगी होईल. जमीनदाराला विकण्याची घाई का होती? क्रांतीने भूमिहीनांना जमीन देण्याचे वचन दिले होते आणि त्या विस्तीर्ण जमिनीवर आसपासच्या गरीब मेक्सिकन शेतकऱ्यांनी आपला हक्क सांगितला होता. काही कुटुंबे तेथे कसतही होती. परदेशी शेतकऱ्यांना विकून रोख पैसा हाती आला की सरकारी वाटपाचा प्रश्नच मिटला, असा तो व्यवहार. त्यातून पहिली काही वर्षे तंटे झाले. स्वतःच्या शाळेसाठी घर सोडून आलेल्या माणसांच्या आगमनाने दुसऱ्या कोणाची तरी जमिनीची आशा मावळली. मेनोनाइटांनी हे हेतुपुरस्सर केले असे नव्हे, पण झाले ते असे.

समुद्रसपाटीपासून दोन हजार मीटर उंचीचे ते पठार. पाऊस बेभरवशाचा. कॅनडातून आणलेले गव्हाचे बियाणे तेथे नीट फळले नाही. हळूहळू त्यांनी शेजाऱ्यांकडून मका व घेवडा शिकून घेतला, ओट लावले. गाई मात्र होत्या आणि दूध होते. दूध घेणारी शहरे दूर, रस्ते कच्चे. नासणारी वस्तू टिकाऊ करावयाची तर चीजवाचून दुसरा उपाय नव्हता. चेडरच्या जातीचे, रेनेटने गोठविलेले, दाबून घट्ट केलेले, फिकट पिवळे, सौम्य चीज ते करू लागले. आधी घरात, मग गावागावांतील लहान कारखान्यांत. त्यांच्या गावांना मेक्सिकन लोक 'कांपो' म्हणतात आणि नावाऐवजी अनेकदा क्रमांकाने ओळखतात. अमुक क्रमांकाच्या कांपोचे चीज चांगले, असे तिकडची गृहिणी म्हणते.

ही मंडळी ट्रॅक्टरला रबरी टायर लावू देत नसत, लोखंडी चाकेच हवीत असा दंडक होता. कारण रबरी चाकांवर तरुण मुलगा शहरात जाऊन येईल. शहरापासून जपण्यासाठी एवढी कडेकोट व्यवस्था. आणि तरीही निळे पट्ट्यांचे कपडे घातलेले, गोऱ्या वर्णाचे मेनोनाइट पुरुष चौकाचौकांत उभे राहून चीज विकीत आहेत, हे दृश्य मेक्सिकोच्या शहरांत सर्वपरिचित होऊन बसले! माणूस शेजाऱ्याच्या घरात गेला नाही, पण त्याचे चीज गेले. तव्यावरच्या पोळीत गेले, भरल्या मिरचीत गेले आणि चोरिसोखालच्या त्या मातीच्या पात्रातही गेले. वितळण्याचा गुण त्यात उत्तम होता. नवे असल्यामुळे तारही सुटत असे.

देशांतराची सवय मात्र गेली नाही. १९५८ साली यांच्यापैकी काही कुटुंबे ब्रिटिश होंडुरासमध्ये, म्हणजे आजच्या बेलीझमध्ये, निघून गेली. राहिले त्यांच्यात पुढे वीज आली, रबरी टायर आले, स्पॅनिश शिकणेही आले. चीजच्या नावाची मात्र मौज आहे. चिवावा राज्यात त्याला 'केसो मेनोनिता', मेनोनाइटांचे चीज, म्हणतात. राज्याबाहेर मेक्सिको शहरात तेच 'केसो चिवावा' होते.

सीमेपलीकडे टेक्सासमध्ये याच पदार्थाचा एक चुलत भाऊ आहे. तो मिरची-टोमॅटो घालून पातळ केलेला असतो आणि त्यात बहुधा प्रक्रिया केलेले चीज वापरतात. त्या चीजची युक्ती स्वित्झर्लंडमधील तून गावच्या गेर्बर व श्टेटलर यांनी १९११ साली काढली: चीज वितळविताना सोडियम सायट्रेट घातले की कॅल्शियमची जागा सोडियम घेते आणि तेल वेगळे सुटत नाही. अमेरिकेत क्राफ्ट यांनी १९१६ साली आपल्या पद्धतीचे पेटंट घेतले. सोय झाली खरी. चवीचे काय झाले यावर वाद घालण्यास मी तयार आहे, पण आज वेळ नाही.

आता घरी करावयाचे तर कसे? मी प्रथम केले तेव्हा आच मोठी ठेवली. चीजचा गोळा मधोमध रबरासारखा झाला आणि भोवती तेलाचे तळे. कारण आता आपणांस ठाऊक आहे: फार तापले की प्रथिनांचे जाळे आवळते आणि आतला स्निग्धांश पिळून बाहेर पडतो. तेव्हा सगळी मेख आचेत आहे.

चौघांना पाव किलो चीज आणि शंभर-सव्वाशे ग्रॅम चोरीस पुरे. गोव्याचा चोरीस असल्यास दोरा व आवरण काढून मांस मोकळे करावे, पळीभर पाणी घालून मंद आचेवर पाणी आटेपर्यंत व चरबी सुटेपर्यंत शिजवावे. डुकराचे मांस आहे, कच्चे राहता कामा नये. मग त्यातच एक कांदा बारीक चिरून परतावा आणि जास्तीची चरबी निथळून टाकावी. मीठ घालू नये. चोरिसात व चीजमध्ये ते पुष्कळ असते. चिवावाचे चीज आपल्याकडे मिळत नाही. ताजे, सौम्य चेडर आणि मोझरेला निम्मे निम्मे घेतल्यास जवळपास तोच गुण येतो. फार मुरलेले चीज घेऊ नये. ते वितळते, पण तार देत नाही. तेल सुटण्याची धास्ती वाटत असेल तर मूठभर प्रक्रिया केलेले चीज किसून मिसळावे. मातीचे जाड पात्र भट्टीत आधी तापवून त्यात किसलेले चीज पसरावे आणि दोनशे अंश उष्णतेत आठ-दहा मिनिटे, कडा बुडबुडू लागेपर्यंत ठेवावे. भट्टी नसेल तर चुलीवर लोखंडी तवा, तव्यावर पात्र, वर झाकण आणि आच अगदी मंद. पात्र थेट ज्वाळेवर ठेवाल तर तडकेल. चीज सारे विरघळले की चोरीस वर पसरावा आणि आणखी दोन मिनिटे राहू द्यावा.

ज्यांना मांस वर्ज्य आहे त्यांच्यासाठी मेक्सिकोतच सोय आहे: मोठ्या बुटक्या मिरच्या निखाऱ्यावर भाजून, साल काढून, त्यांच्या उभ्या पट्ट्या चोरिसोऐवजी घालतात, अळिंबीही घालतात. पोळ्या मात्र आधी करून, फडक्यात गुंडाळून, ताटे मांडून ठेवावीत आणि मगच पात्र भट्टीतून काढावे.